हातांची तळमळ

धाकट्या लेकाने मऊ रुमालाची दुहेरी घडी केली आणि आईचं मनगट पलंगाच्या कठड्याला बांधलं. गाठ अगदी हलकी होती, घड्याळाचा पट्टा बांधावा तशी... आणि दारात उभी असलेली थोरली सून स्वतःचंच मनगट चोळत होती, कधीपासून, ते तिचं तिलाही कळलं नव्हतं.

गेले काही दिवस आईंचे हात थांबत नव्हते. जीभ जड झाली होती, डोळे बहुतेक मिटलेले असायचे, घास तर केव्हाच सुटला होता, पण बोटं मात्र चादरीवरून सारखी फिरत होती. काहीतरी चिमटीत धरायची, ओढायची, सोडून द्यायची, पुन्हा शोधायला लागायची. डॉक्टर सांगून गेले होते की शेवट जवळ आला की असं होतं, घाबरू नका. पण घराला ते बघवत नव्हतं.

कारण हे घर घड्याळजींचं. इथे पिढ्यान्‌पिढ्या माणसं श्वास रोखून काम करत आली होती. केसाएवढी स्प्रिंग चिमट्यात धरायची तर हात हलून कसं चालेल? या घरात मूल रांगायला लागलं की आधी त्याला गप्प बसायला शिकवत. आणि मरण आलं की सगळं घर बसायचं. कुणी भांडं हलवायचं नाही, कुणी मोठ्याने रडायचं नाही, मांडीवर हात ठेवायचे आणि बसायचं. गेलेल्याचा मान म्हणजे ते बसणं!

"सोडा ते, भाऊजी," थोरली म्हणाली.

"ओढून ओढून आईची बोटं सोलली आहेत, वहिनी."

"म्हणून बांधायची?"

"शांतपणे जाऊ दे तिला. आमच्यात माणूस शांत जातं." धाकट्याने वर न बघता दुसरा रुमाल उचलला. "तुम्हाला नाही कळायचं ते. दादा गेला त्या दिवशीही नव्हतं कळलं."

पलंगाच्या पायथ्याशी बसलेल्या धाकट्या जावेने मान खाली घातली. म्हणजे अजून तेच! इतकी वर्षं जिच्या पगारावर हा पोरगा शिकला, जिने बंद पडलेलं दुकान त्याच्यासाठी पुन्हा उघडून दिलं, तिच्याविषयीचा तो जुना राग त्याने आईकडून जसाच्या तसा घेऊन ठेवला होता तर...

तो दिवस तिला विसरता आला असता तर फार बरं झालं असतं. नवरा सकाळी धडधाकट होता आणि दुपारी बाहेरच्या खोलीत सतरंजीवर निजवलेला होता. रस्त्यात एका गाडीने धडक दिली होती, एवढंच. घर बसलं. तीही बसली, पण तिच्या हातांना बसणं माहीतच नव्हतं. तिच्या माहेरी शिंप्याचं काम. तिथे मरण आलं की घर कामाला लागायचं. वडील गेले तेव्हा भावांनी ढीगभर लाकडं फोडली, काकूने घासलेलीच भांडी पुन्हा घासली, आणि आई दिवसभर एका चादरीला टीप मारत बसली. तिथे कुणी त्याला निष्ठुरपणा म्हटलं नाही. हात रिकामे राहिले तर माणूस वेडं होईल, असं त्या घराला वाटायचं. सासरी मात्र तिचे हात मांडीवर ठेवलेले, आणि आत छातीत काहीतरी फडफडत होतं, बाहेर यायला वाटच नव्हती... शेवटी ती उठली, मागच्या खोलीत गेली, आणि त्या मुक्या घरात शिलाई मशीन खडखडायला लागलं.

मशीनवर कुणाच्या तरी लग्नाचे कपडे पडलेले होते, दुसऱ्या दिवशी द्यायचे. सासूबाई दारात येऊन उभ्या राहिल्या, आत पाऊलही न टाकता तो ढीग त्यांनी पाहिला आणि एकच वाक्य बोलल्या, "मी जिवंत आहे तोवर या घरात हे मशीन वाजणार नाही."

तिने मशीनवर झाकण घातलं ते घातलंच. पुढे तयार कपड्यांच्या कारखान्यात कॉलरी शिवत तिने उभं आयुष्य काढलं, पण घरात साधं बटण लावायचं तरी हातानेच लावलं. सासूबाई तिच्याशी कामापुरतं बोलत. तीही कधी खुलासा करायला गेली नाही. काय सांगणार होती?

पण आज बांधलेले हात बघून तिच्या अंगाचा भडका उडाला. ती सरळ पुढे झाली आणि तिने गाठ सोडली.

"वहिनी!"

"ओरडायचं असेल तर बाहेर जाऊन ओरडा, भाऊजी."

या घरात तिने असं उत्तर कधी दिलं नव्हतं. धाकटा हातातला रुमाल घेऊन मागे सरला. तिने आपल्या पिशवीतून कारखान्यातला कापडाचा एक उरलेला तुकडा काढला आणि आईंच्या बोटांत सरकवला. बोटं क्षणभर गोंधळली. मग त्यांना कापडाची कड सापडली. त्यांनी ती दुमडली, नखाने दाबली, पुढे सरकली, पुन्हा दुमडली... हळूहळू श्वास सुरळीत झाला, कपाळावरची आठी उतरली. हात चालूच होते, पण तळमळ गेली होती.

बऱ्याच वेळाने आईंनी डोळे उघडले.

"कोण, थोरली का?"

"हो, आई."

"त्या दिवशी..." शब्द एकेक करून येत होते, "काय शिवत होतीस गं?"

थोरली मागच्या खोलीत गेली, मशीनवर रचलेल्या गाद्या तिने खाली ओढल्या, खालचा खण उघडला आणि एक कापड घेऊन आली. शर्टाची बाही होती ती. नवऱ्याची, दुरुस्तीला काढून ठेवलेली. तिच्यावर एकाला एक लागून टिपा मारलेल्या होत्या, आडव्या, उभ्या, पुन्हा आडव्या, इतक्या की कापड पुठ्ठ्यासारखं ताठ झालं होतं. ना त्याला आकार, ना कुणाचं माप.

आईंची बोटं त्या टिपांवरून फिरली. दुखऱ्या जागेवरून फिरवावीत तशी सावकाश फिरली.

"मला वाटलं, हिला लग्नाच्या कपड्यांची घाई..."

"ते कपडे मी परत पाठवले होते, आई. तसेच, न शिवता."

"मग बोलली का नाहीस?"

"तुम्ही बसला होतात. तेव्हा तुमच्याकडे कुणी बोलत नाही, एवढं मला कळलं होतं. आणि नंतर... नंतर तुम्ही माझ्याकडे बघायचंच सोडलंत."

आईंच्या डोळ्यांतून पाणी कानाकडे ओघळलं. ते पुसायला त्यांनी हात उचलला नाही, बाही घट्ट धरून ठेवली.

"मलाही उठायचं होतं," त्या म्हणाल्या. "पोटचा पोर गेलेला... पळत सुटावं, काहीतरी आपटावं, असं झालं होतं. सगळे बसले होते म्हणून बसले. तू उठलीस, त्याचाच राग आला बघ मला."

थोरलीने पलंगाच्या कडेला डोकं टेकलं आणि इतक्या वर्षांचं अडलेलं रडू मोकळं केलं, अगदी आवाज करून, या घरात कुणी कधी रडलं नव्हतं तसं. कुणीही तिला गप्प केलं नाही. आईंचा हात चाचपडत तिच्या केसांपर्यंत आला.

"वाजव," त्या म्हणाल्या.

"काय, आई?"

"मशीन. मी आहे तोवर... वाजव."

दोघी जावांनी मशीन ढकलत खोलीच्या दाराशी आणलं. पण इतकी वर्षं पडून राहिलेलं चाक, ते कशाला ऐकतंय! पायडल दाबलं तर नुसतं कण्हलं. आईंचा श्वास मध्येच थांबत होता, पुन्हा सुरू होत होता, आणि हे मेलं जागचं हलायला तयार नव्हतं.

इतका वेळ भिंतीला टेकून उभा असलेला धाकटा तेव्हा निघाला. दुकानातली हत्यारांची पेटी घेऊन तो मशीनपुढे मांडी घालून बसला. बारीक पेचकसाने त्याने झाकण उघडलं, गंज खरवडला, अडकलेला दोरा चिमट्याने ओढून काढला, घड्याळाच्या तेलाचे थेंब जागोजागी सोडले. त्याचा हात कापत होता. त्याचं त्यालाच नवल वाटलं असावं, कारण तो एकदा थांबला, हाताकडे बघितलं, आणि तसाच कापत्या हाताने कामाला लागला.

"बघा आता, वहिनी."

चाक फिरलं. थोरलीने एक जुनी लांबरुंद चादर घेतली आणि तिच्या काठाला टीप मारायला सुरुवात केली. खडखड घरभर घुमली. पलंगावर आईंची बोटं बाहीची कड दुमडत होती, मशीनच्या तालावर, दाबत होती, पुढे सरकत होती. ओठांच्या कोपऱ्यात काहीतरी हललं, हसूच म्हणायचं ते. थोरली एक डोळा सुईवर आणि एक त्या बोटांवर ठेवून शिवत राहिली.

काठ अर्धा झाला असेल नसेल, बोटं थांबली. कड अर्धी दुमडलेलीच राहिली.

धाकटी जाऊ सवयीने हात मांडीवर ठेवून जमिनीवर बसली. थोरलीने पायडलवरून पाय काढला. खोलीत जुनी शांतता पसरली, आणि या घराच्या रीतीप्रमाणे ती आता तशीच राहायला हवी होती.

धाकटा आईजवळ उभा होता. त्याने तिचे डोळे मिटवले, तिच्या मुठीतली बाही तशीच राहू दिली. मग खोलीत इकडून तिकडे गेला, परत आला, खुर्चीची पाठ धरली, सोडली. बसायला वाकला आणि बसला नाही.

"वहिनी," तो म्हणाला, "थांबू नका."

चादरीचं दुसरं टोक मशीनखाली लोळत होतं. त्याने ते उचललं आणि दोन्ही हातांत धरलं.

"जमिनीला लागत होतं. धरतो मी. तुम्ही शिवा."

थोरलीने पुन्हा पाय टेकवला.