बाळंतिणीच्या खोलीतली घंटा

"घंटा वाजली असती तर नर्मदाची ही गत झाली नसती," रंगनाथ म्हणाला.

रंगनाथ जिंतुरात रेडिओ दुरुस्त करी. बाळंतिणीच्या बंद खोलीत शेगडीचा विषारी वायू साठला की वाजेल अशी घंटा त्यानं स्वतः जुळवली होती. गावभर कौतुक झालं. काल मात्र वायू साठला आणि घंटा मुकीच राहिली. थोरल्या भावानं, सूर्यभाननं, दार फोडून रंगनाथच्या बेशुद्ध बायकोला, नर्मदाला, आणि बाळाला बाहेर काढलं.

"परवाच नवे सेल घातले होते. कुणीतरी बदलले. आता तिला त्या खोलीत कशी झोपवू?" रंगनाथनं विचारलं.

खासगी तपासनीस दिनकररावांनी घंटेची डबी उघडली. आत चार लाल सेल होते, प्रत्येक एका बाजूनं फिकट गुलाबी.

"हलक्या प्रतीचा रंग," त्यांचे मित्र बन्सीधर म्हणाले. बन्सीधरांना उत्तर नेहमीच लवकर सापडे, बरोबर क्वचितच.

रंगनाथची आई चतुराबाई फणकारली. "लय बोंबलायची ती घंटी. आमी काय बाळंतपणं केली न्हाईत? अन् तिकडं थोरल्याचा रेडिओ. महिनाभर मुका होता, परवापासून नामांतराच्या बातम्या सांगायलाय. कान किटले!"

"म्हातारीच," बन्सीधर कुजबुजले.

ओसरीवर शेजाऱ्यांच्या घोळक्यात सूर्यभान ताठ बसला होता. "शेगडी आत नेऊन लय वेळ झाला. जीव घाबरला, दार फोडलं."

"वाघ हाय!" शेजारी म्हणाले.

"सेल मंदावले की काय करता?" दिनकररावांनी त्याला सहज विचारलं.

"पत्र्यावर उन्हात टाकतो. अजून दोन दिस चालतात."

"मी तर असले सेल हातातही धरत नाही," रंगनाथ म्हणाला.

शेजारी गेल्यावर दिनकररावांनी घरच्यांना बसवलं.

"दोन दिवसांत नवा सेल विटत नाही. हे पत्र्यावर तापलेले आहेत. आणि सूर्यभान, तुमचा मुका रेडिओ परवाच बोलू लागला."

"पण तिला वाचवलं त्यांनीच!" बन्सीधर ओरडले.

"म्हणूनच. घंटा गप्प म्हणजे सारं ठीक, असं सगळं घर समजत होतं. ती वाजणारच नाही, हे एकालाच ठाऊक होतं."

सूर्यभाननं मान खाली घातली. "लोक ह्याची घंटी बघायला यायचे. मला 'रंगनाथचा भाऊ' म्हणायचे, थोरला असून. लय जळत होतो. वाटलं, एकदा फजिती होऊ दे. जीव घ्यायचा न्हवता."

रंगनाथ मूठ आवळून उठला. तेवढ्यात पडदा हलला. थोरल्या दिरासमोर कधी शब्द न काढलेली नर्मदा बाहेर आली. तिनं डबी आणि चार नवे सेल सूर्यभानपुढं ठेवले.

"दादा, घाला. इथून पुढं तुमीच बदलायचे. मी लेकराला घेऊन त्याच खोलीत झोपणार हाय."

सूर्यभाननं पहिला सेल उलटाच बसवला. त्यानं तो काढून सरळ घातला. मग चारही सेल पुन्हा एकदा बोटानं दाबून पाहिले.