रेतीतल्या शिंपल्या

हारुन मुकादम आत आला आणि बसायच्या आधीच म्हणाला, "ताई, माझी रेती चोरीला गेली. आणि ढीग तिथंच आहे."

प्रसादने पेपर खाली ठेवला. तो वैदेहीचा धाकटा दीर. तिच्या वाशीच्या डिटेक्टिव्ह एजन्सीत मदतनीस. "ढीग तिथंच, तर चोरी कसली?"

"त्यांना बोलू दे," वैदेही म्हणाली.

हारुन उलव्याचा. परवाना घेऊन खाडीची रेती काढायचा आणि विकायचा. नव्वदच्या दशकातली ती वर्षं. नवी मुंबईत जिथं बघावं तिथं इमारती उठत होत्या, आणि कोपरखैरण्याच्या मोकळ्या प्लॉटांवर गवतापेक्षा रेतीच जास्त दिसायची. एका महसूल अधिकाऱ्याने हारुनला न बोलावता, काही न विचारता हुकूम काढला: ही रेती बंदी घातलेल्या नदीपात्रातली, परवाना रद्द. हारुन हायकोर्टात गेला. कोर्ट म्हणालं, हुकूम कशाच्या आधारावर काढला ते आम्ही तपासू. आम्ही नेमलेला कमिशनर ढीग बघून येईल. तोवर ढीग जैसे थे.

"उद्या कमिशनर येणार," हारुन म्हणाला. "माझ्या रेतीत शिंपल्याच शिंपल्या होत्या. खाडीच्या रेतीत असतातच. आज बघतो तर एक नाही! साफ नदीची वाटते. परवाना गेला तर होडीवरची माणसं घरी बसतील. हे त्या रबाळ्याच्या रेतीवाल्याचं, नंदकिशोरचं काम. त्यानेच ढीग बदलला."

कोपरखैरण्याला हारुनच्या प्लॉटवर वैदेहीने ढिगातली चिमूटभर रेती जिभेवर ठेवली, तोंड वाकडं केलं आणि पाणी मागितलं.

"वहिनी, पुरावा खायचा नसतो," प्रसाद म्हणाला.

राखणदार मानसिंग खाटेवरून उठला.

"गाडी आली होती?" वैदेहीने विचारलं.

"एक पन नाय. मी हितंच होतो."

"माणसं?"

"परकं कोनी नाय. भाभी येतात डबा घेऊन. सोबत चार बायका असतात. घरच्या मानसांना काय अडवायचं?"

"म्हणजे कोणीच नाही," प्रसादने मान डोलावली.

मग ते रबाळ्याला गेले. आरोप ऐकून नंदकिशोर हसला. "ढीग बदलायचा म्हणजे माझी चांगली रेती गाड्या भरून त्याला फुकट द्यायची. आमचं वैर आहे मॅडम, पण एवढं महागाचं नाही."

तिथून ते हारुनसोबत उलव्याला गेले. त्याची बायको जैनब हिने स्वच्छ खुर्च्या पुन्हा पुसल्या आणि गाळलेला चहा पुन्हा गाळून दिला. अंगणात पांढऱ्या शिंपल्यांचा ढिगारा होता आणि त्यावर कोंबड्या चोची मारत होत्या.

"खाल्ल्या की अंड्याचं कवच टनक होतं," जैनब म्हणाली.

वैदेहीने कप खाली ठेवला. "हारुनभाई, चोरी झालेलीच नाही. गाडी आली नाही, म्हणजे रेती बदललेली नाही. मी चाखली, खारट आहे; म्हणजे खाडीचीच. रेती तीच आणि शिंपल्या गायब, तर ती कोणीतरी चाळली. दिवसाउजेडी, निवांत, आणि मानसिंगला ज्याचं नवल वाटणार नाही अशा माणसाने. शिंपल्या तर समोरच आहेत."

सगळे जैनबकडे बघू लागले.

"मीच चाळली, बायका लावून," ती म्हणाली. "हायकोर्टाचा मानूस येनार, आपला माल बघनार. त्याच्यापुढं कचऱ्यासकट ठेवायचा? लोक म्हनतील, मुकादमांच्या घरात बाई हाय का नाय?"

हारुनने कपाळाला हात लावला. "मला विचारायचं तरी."

"तुमी टेन्शनमध्ये होता. म्हटलं, एक काम कमी करू."

"शिंपल्या परत मिसळून टाकू की," प्रसाद म्हणाला.

"चाळली ती चूक झाली. मिसळली तर लबाडी होईल," वैदेही म्हणाली. "उद्या जसं घडलं तसं सांगायचं."

दुसऱ्या दिवशी कमिशनरने जैनबचं म्हणणं लिहून घेतलं, कोंबड्यांना हुसकून शिंपल्या पोत्यात भरल्या, आणि इकडेतिकडे बघून थोडी रेती चाखलीसुद्धा. पुढे कोर्टाने तो हुकूम रद्द केला. माणसाचं न ऐकता, माल न बघता परवाना काढून घेता येत नाही; अधिकाऱ्याने स्वतः जाऊन ढीग बघावा, हारुनचं ऐकावं आणि मग ठरवावं.

अधिकारी येणार त्याच्या आदल्या दिवशी हारुनने जैनबला माहेरी पोचवायला रिक्षा बोलावली.

"जाते," रिक्षात बसताना ती म्हणाली. "पन साहेब यायच्या आधी त्या मानसिंगला दाढी करायला सांगा."