फाटलेला सूर राहील

वाद्यदुरुस्तीच्या चिंचोळ्या दुकानात ती चित्रीकरण करीत असताना, पोचा आलेले ट्रम्पेट काखोटीला मारून एक उंच तरुण थेट तिच्या चौकटीत शिरला.

"तुम्ही माझ्या चित्रात आलात," ती म्हणाली.

"मग... जाऊ?"

"आलाच आहात तर थांबा. फक्त कॅमेऱ्याकडे बघू नका."

"आणि तुमच्याकडे?"

ती कॅमेऱ्याचे भिंग पुसू लागली — ते मुळात स्वच्छच होते.

वादकांवर माहितीपट करणे हा तिने हट्टाने पत्करलेला व्यवसाय होता. 'वाजवणार लोक, पायपीट आपली,' असे तिची आई त्याविषयी म्हणत असे. तरी तिचा बाणा ढळला नव्हता : वादक जसा असेल तसाच दाखवायचा, रंगसफेदी करायची नाही. तिचा पुढचा माहितीपट त्या तरुणावरच सुरू झाला. तालमीच्या दालनात, खडखडणाऱ्या खिडकीपाशी, सहवास वाढत गेला. 'तुम्ही'चे 'तू' केव्हा झाले, हे दोघांनाही उमगले नाही.

त्याच्या वाद्यवृंदाच्या जाहीर मैफलीत मात्र, तिचा कॅमेरा चालू असतानाच, अघटित घडले. अत्युच्च सुरावर त्याचा ओठ डळमळला, सूर फाटला. तो थांबला... श्वास भरला... आणि तोच सूर त्याने असा लावला, की सभागृह स्तब्ध झाले.

वृंदाचा प्रमुख, पहिल्या रांगेत बसून वाजवणारा, त्याचा थोरला भाऊ. संकलनाच्या खोलीत ती दोघे असताना येऊन दादांनी तिला बजावले, की तो प्रसंग गाळावा, वृंदाची अब्रू चव्हाट्यावर नको. तिने नम्र, परंतु साफ नकार दिला.

"माझी भावजय व्हायची हौस आहे ना?" दादा म्हणाले. "मग आधी कात्री चालवा."

"कात्री मला येते, दादा. कुठे चालवायची नाही, तेही कळतं. हा मला आवडतो — आणि सूर फाटल्यावर पळाला नाही, म्हणून जास्त आवडतो. ते राहणार."

"राहिलं, तर हा उद्यापासून मागच्या रांगेत."

तो शांतपणे म्हणाला, "मागून तुझी पाठ दिसेल, दादा. चालेल मला."

दादा तडक निघून गेले. त्याने खुर्ची तिच्या शेजारी ओढली.

"दादाला सांगितलंस. मला कधी सांगणार?"

"ऐकलंस की."

"ते त्याला होतं."

"आवडतोस," ती म्हणाली. "झालं समाधान?"

त्याने तिचा हात हाती घेतला. तिने तो सोडवला नाही. दुसऱ्या हाताने तिने खोलीचे दार सताड उघडले, आवाज पुरता चढवला आणि तो प्रसंग सुरू केला. जिना उतरणाऱ्या दादांना फाटलेला सूर ऐकू गेला — आणि त्यामागून आलेला, भरल्या श्वासाचा, अखंड सूरही.