तीन पुकारे

दाराखालून पाणी येत होतं. आत कुणीतरी नुकतीच फरशी पुसावी तसं, स्वच्छ, बोटभर. पण दाराला कुलूप होतं, कुलपावर लाखेचं सील होतं, आणि ते वर्षभरात कुणी हलवलेलं नव्हतं.

लिपिक मुलीच्या मनात पाल चुकचुकली. तशी ती स्टेपलरच्या आवाजालाही दचकायची; ऑफिसात तिला 'ससुली' म्हणत. नळ गळत असेल, असं तिनं स्वतःला समजावलं.

काम साधं होतं. तिच्या कार्यालयानं शेजारची खोली सोडून चुकून एका म्हातारीच्या या खोलीला सील ठोकलं होतं. कोर्ट म्हणालं, सात दिवसांत खोली परत द्या. आदेश आला तेव्हा साहेब म्हणाले, "ठेव खाली." तिनं तो गठ्ठ्याच्या तळाशी ठेवला. स्वतःच्या हातानं. पाच महिने तो तिथंच राहिला. आता अवमानाची नोटीस आली होती. उद्या साहेबांना जातीनं कोर्टात उभं राहायचं होतं, त्याआधी ताबा मिळाल्याची म्हातारीची सही हवी होती.

समोरची शेजारीण दारात आली.

"काकू, आजी कुठे भेटतील?"

"आत्ता सवड झाली होय तुम्हाला?" शेजारीण थंडपणे म्हणाली. "गेल्या त्या. नऊ दिवस झाले. या पायरीवर बसून असायच्या, पिशवी घेऊन. आत चला म्हटलं तर म्हणायच्या, नको गं... कोर्टाची माणसं यायची आणि मी नसले तर परत जायची."

शेजारणीनं दार लोटून घेतलं. मुलीनं साहेबांना फोन लावून आजी गेल्याचं सांगितलं.

"मग बरंच झालं," साहेब म्हणाले. "तीनदा नावाचा पुकारा कर. उत्तर नाही आलं की लिही, ताबा द्यायला गेलो, अर्जदार गैरहजर."

"पण साहेब, त्या वारल्यात..."

"ते कागदावर नको. नोकरीत कायम व्हायचंय ना तुला?"

ती पायरीकडे बघत राहिली. मधोमध दगड झिजून गुळगुळीत झाला होता. जी बाई इथून हललीच नाही, तिला गैरहजर लिहायचं. तरी पेन उघडलं. पुकाऱ्याआधीच अहवाल लिहून टाकायची त्यांच्याकडे सवयच होती. तिनं लिहिलं, 'गैरहजर'.

मग आदेशातलं पूर्ण नाव वाचून तिनं पहिला पुकारा केला. जिन्यात आवाज घुमला आणि विरला.

दुसरा. खाली कुठेतरी चाललेलं शिलाईमशीन थांबलं.

तिसऱ्या वेळी ते नाव तिच्या तोंडून पुकाऱ्यासारखं निघालंच नाही. माफी मागावी तसं, पुटपुटल्यासारखं निघालं.

सील तसंच होतं. दाराच्या पलीकडून, अगदी जवळून, दमलेला आवाज आला.

"हजर आहे गं... मला फार उशीर झाला का?"