झिजलेलं वय

डॉ. चारुशीला टिपणीसांनी दुर्गीचं मनगट पुन्हा वयमापकात ठेवलं. प्रयोगशाळेच्या पडद्यावर पुन्हा तोच आकडा उमटला : एकोणीस.

"एकोणीस कुठनं आणली?" दुर्गीची आई यल्लूबाई भडकली. "तेरावं सरलं न्हाई अजून पोरीचं!"

दुर्गीच्या मानेवर एका शीतपेयाचं नाव जांभळं उजळत होतं, विझत होतं. हे दीप्तशाईचं गोंदण होतं. मरणारी पेशी ती शाई नव्या पेशीच्या हवाली करते, म्हणून ते जन्मात पुसलं जाणार नव्हतं. शाळेपुढच्या गोंदणघराने बुटांच्या एका जोडाच्या बदल्यात पोरीची मान जाहिरातीला घेतली होती. अठराच्या आतल्या मुलांना गोंदायला आईबापाची संमती लागते. इथे कुणी विचारलंही नव्हतं.

चारुशीला मापक उचलून मायलेकींसह थेट गोंदणघरात गेल्या. मालक विहंग सरपोतदार खुर्चीतून उठलासुद्धा नाही.

"मॅडम, जन्मदाखले खोटे निघतात म्हणून वय पेशीवरून ठरवा, हे सरकारला तुम्हीच सांगितलंत. आम्ही मोजलं. ती सज्ञान आहे."

"पेशी वर्षं मोजत नाही, झीज मोजते! खाणीतली धूळ, अर्धपोटी झोप, यांनी डीएनएवरच्या खुणा लवकर साठतात. ही मुलगी झिजली आहे, मोठी झालेली नाही."

"कायद्यात झीज हा शब्द नाही."

तो शब्द कायद्यात घालायचा राहिला होता, आणि तो चारुशीलांनीच घालायला हवा होता. त्यांच्या मस्तकात तिडीक गेली. त्यांनी विहंगचं मनगट धरलं आणि मापकात दाबलं. बावीस वर्षांचा, गाळलेल्या हवेत आणि तुपासाखरेत वाढलेला देह. आकडा आला : सतरा.

"अज्ञान!" त्या कडाडल्या. "तुझा परवाना रद्द, तुझे सगळे करार रद्द. आता कोर्टात भेटू."

पेशीच्या वयाने मालक अज्ञान ठरला, म्हणून कोर्टात परवाना रद्द झालाही. गोंदणघराला टाळं लागलं. यल्लूबाईने पदराने डोळे पुसले. मग विहंगचा वकील शांतपणे उभा राहिला.

"न्यायमूर्ती महोदय, माझा अशील अज्ञान आहे, हे फिर्यादी पक्षानेच सिद्ध केलंय. अज्ञान मुलाला शिक्षा कशी होणार?"

न्यायाधीशांनी मान खाली घातली. कायद्यापुढे त्यांचा इलाज नव्हता. मुलाला समज देऊन आईच्या ताब्यात देण्यात आलं.

आवारात विहंगच्या आईने त्याच्यासाठी गाडीचं दार उघडलं. तो हसत आत बसला. दुर्गी पाहत होती. तिने पायाखालचा दगड उचलला आणि भिरकावला. काच खळ्ळकन फुटली.

हवालदाराने तिचा दंड पकडला.

"लेकरू हाय वो ते!" यल्लूबाई आडवी आली. "सोडा तिला, साहेब!"

"थांबा," चारुशीला धावत आल्या. "तिचं खरं वय—"

हवालदाराने कमरेचा मापक काढून दुर्गीच्या मनगटाला लावला.

"एकोणीस," तो म्हणाला. "बायकांच्या जेलची गाडी बोलवा."