विल्माने न उचललेलं बोट

दार तेवढं लोटून घ्या रे पोरांनो. विल्मा प्रॅट इथे बरबँकलाच, आपल्या शेजारच्या घरात राहायची. मी तिला पन्नासपेक्षा जास्त वर्षं ओळखत होतो, म्हणून सांगतो.

दोन हजार अकरा साल, सहा ऑक्टोबर, गुरुवार. ब्याऐंशी वर्षांची विल्मा संध्याकाळी ठेवणीतला निळा कोट घालून निघाली. जुन्या थिएटरात कॉरिन हॅडलीचा सिनेमा दाखवणार होते आणि चार शब्द बोलायला हिला बोलावलं होतं.

कॉरिन म्हणजे नेब्रास्काच्या खानावळीत बशा उचलणारी पोर, ती अकरा सिनेमांत नायिका झाली. विल्मा तिची बदली. मी त्या स्टुडिओत दिवेवाला; चित्रीकरणाआधी आम्ही दिवे लावत असू तेव्हा कॉरिनच्या जागी ही उभी राहायची. कॉरिनला ऐकू येईनासं झालं, ते एकट्या विल्माला ठाऊक होतं. समोरच्याचं वाक्य संपलं की विल्मा कॅमेऱ्यामागून बोट उचलायची, मग कॉरिन बोलायची. दोन वर्षं कुणाला पत्ता लागला नाही.

चोपन्न साली कोर्टाचा प्रसंग चालला होता. वकील झालेला नट कॉरिनकडे पाठ करून उभा, त्याचे ओठ तिला दिसत नव्हते. त्याचं वाक्य संपलं. विल्माचा हात खिशातच राहिला.

मी वर दिव्यापाशी होतो. पांढरी रंगभूषा फासलेली कॉरिन विल्माकडे बघतेय. नुसती बघतेय. चाळीस माणसं तिच्या वाक्यासाठी खोळंबलीत.

"बघा! ठार बहिरी आहे ही," निर्माता म्हणाला. आदल्याच दिवशी विल्माने त्याच्या कानावर घातलं होतं. बदल्यात तिला एक छोटी भूमिका हवी होती.

जाताना कॉरिनने एवढंच विचारलं, "विल्मा, हात दुखत होता का गं तुझा?"

पुढे कॉरिनला कुणी काम दिलं नाही. सॅन डिएगोला भाड्याच्या खोलीत एकटीच मेली.

आणि त्या गुरुवारी विल्मा स्टेजवर उभी राहून म्हणाली, "शेवटपर्यंत मीच तिला जपलं." लोकांनी उभं राहून टाळ्या वाजवल्या.

रात्री दोन वाजून वीस मिनिटं. विल्माच्या खोलीला आतून कडी. बाहेरून हाक आली.

"विल्मा..."

आवाज तरुण होता. ओळखीचा.

"आज काय बोललीस गं तिथे? मला ऐकू नाही आलं."

विल्मा अंथरुणात उठून बसली.

"कॉरिन... माझं चुकलं."

"मोठ्याने बोल ना."

"मीच सांगितलं त्यांना! मीच!"

"अजून मोठ्याने..."

त्या किंकाळ्यांनी मी जागा झालो. तिच्या घराची जादा किल्ली आमच्याकडे असायची, ती घेऊन धावलो. जिन्यात कुणी नाही. खोलीबाहेर कुणी नाही. आत विल्मा ओरडतेय, "माझं चुकलं! माझं चुकलं!" आवाज फाटत गेला. बसत गेला.

मग काहीच नाही...

बऱ्याच वेळाने तिने आतून कडी काढली. विल्माचे ओठ हलत होते, पण आवाज नव्हता. तो परत आलाच नाही. डॉक्टर म्हणाले, घसा तर ठीक आहे. पुढे चार वर्षं जगली. त्या रात्रीचं बोलणं तिने मला कागदावर लिहून दिलं.

हाक बाहेरून आली, असंच तिने लिहिलंय. पण मी दिवा लावला तेव्हा दाराच्या आतल्या बाजूला, माझ्या खांद्याएवढ्या उंचीवर, पांढऱ्या रंगभूषेत एका कानाचा ठसा होता.

बोट लावून पाहिलं. ओला होता.