दुसरी किल्ली

"घ्या ना, सुकेळं आहे. विष नाही."

वसईच्या कोर्टाबाहेरच्या बाकावर मी बाबांच्या दाव्याचा पुकारा व्हायची वाट बघत बसले होते. शेजारचा तरुण केळीच्या सोपात बांधलेलं पुडकं पुढे करत होता. डोळ्यांत हसू... आणि अशा वेळी कुणी हसलेलं मला अजिबात खपत नाही.

"अनोळखी माणसाकडून मी काही घेत नाही."

"प्रीतम. नंदाखालचा. आता झाली ओळख?"

घेतलं. उन्हात सुकवलेलं केळं ते, मेलं फारच गोड होतं.

पुढच्या तारखेला तुळिंजहून निघताना मी दोनदा वेणी घातली. कोर्टात जाताना! माझा मलाच राग आला. घरी बाबा भिंतीकडे तोंड करून बसलेले, आणि मी आरशासमोर.

बाबा बँकेत हेड कॅशियर होते. तिजोरीला दोन किल्ल्या – एक मॅनेजरकडे, एक बाबांकडे. दोन्ही एका हातात कधी जायच्या नाहीत, हा तिथला नियम. एका दुपारी आईच्या छातीत दुखतंय असा फोन आला, आणि बाबा आपली किल्ली मॅनेजरच्या हातात देऊन धावत सुटले. आई वाचली. पण तिजोरीतली रोकड कमी भरली. मॅनेजर सरळ म्हणाले, मला किल्ली दिलीच नाही, कॅशियर ती टेबलावर टाकून गेला.

निवृत्तीनंतर बाबांची ग्रॅच्युइटी, पेन्शन, सगळंच अडलं. दावा लावला खरा, पण लोकांच्या नजरा नकोत म्हणून बाबा कोर्टात पाऊल टाकेनात. त्या दुपारपासून त्यांनी घराची किल्लीसुद्धा हातात धरली नव्हती.

हे सगळं मी प्रीतमला सांगितलं.

"तुम्ही कशासाठी येता इथे?" मी विचारलं.

"तारीख असते..." म्हणत त्याने नजर चुकवली.

उत्तर मिळालं आमच्या वकील अँजेलिना मॅडमकडून. "हेमांगी, त्याच्याशी बोलू नकोस. बँकेचा साक्षीदार आहे तो. त्या दिवशी काउंटरवर होता."

मी तशीच तरातरा बाकाकडे गेले.

"मजा वाटली ना?"

"पहिल्याच दिवशी तुमच्या बाबांचं नाव पुकारलं, तेव्हा कळलं तुम्ही कोण ते. सांगितलं असतं, तर पुन्हा या बाकावर बसला असतात?"

"साक्षीत काय सांगणार?"

"मॅनेजरसाहेब म्हणतात, किल्ली टेबलावर दिसली म्हण. माझी नोकरी अजून कायम नाही, हेमांगी..."

"आणि दिसलं काय होतं?"

त्याने मान खाली घातली. मी तोंड फिरवून निघाले. आवडायला लागला होता मला तो, तेच तर दुखत होतं.

साक्षीच्या दिवशी आईने बाबांना बळेच आणलं. समोर मॅनेजर पाय पसरून बसलेले. प्रीतम उभा राहिला. बँकेच्या वकिलांनी विचारलं, "किल्ली कुठे पाहिलीत?"

त्याने एकदा बाबांकडे पाहिलं. मी पदराचं टोक मुठीत धरून ठेवलं होतं.

"साहेबांच्या हातात," तो म्हणाला. "त्यांनीच हात पुढे केला. 'तुम्ही जा, मी बघतो,' म्हणाले. मी समोरच होतो."

मॅनेजरांनी पाय आखडून घेतले. बाबांनी मात्र डोळे मिटून घेतले, आणि मला काही केल्या रडू आवरेना.

निकाल अजून लागायचा होता. काय लागेल, देव जाणे. बाहेर प्रीतम बाकाशी उभा होता, चेहरा उतरलेला.

"नोकरी गेली म्हणायची. केळीची वाडी आहे... चालेल?"

"कुणाला?"

"सुकेळी खाणारीला."

"मला तुम्ही आवडता," मी म्हणूनच टाकलं. "सुकेळी नसली तरी."

तो हसायला लागला – आणि एकदम थांबला. मागे बाबा होते. त्यांनी प्रीतमकडे बराच वेळ पाहिलं. मग माझ्यापुढे हात पसरला.

"हेमांगी, घराची किल्ली दे."

मी बघतच राहिले.

"मी आणि तुझी आई पुढे होतो, दार उघडून ठेवतो. तू याला घेऊन ये."

मी किल्ली त्यांच्या हातावर ठेवली. बाबांनी मूठ घट्ट मिटली.